जुळा क्वेसार

जुळा क्वेसार (अधिकृत नाव: क्यू०९५७+५६१) हा सप्तर्षी तारकासमूहाच्या दिशेने दिसणारा अतिदूरचा क्वेसार आहे. वस्तू एकच असली, तरी पृथ्वीवरून पाहताना आकाशात तिच्या दोन प्रतिमा शेजारी शेजारी दिसतात. क्वेसार आणि पृथ्वी यांच्या दरम्यान असलेली एक प्रचंड दीर्घिका आपल्या गुरुत्वाकर्षणाने क्वेसारचा प्रकाश वाकवते, त्यामुळे असे घडते. या परिणामाला गुरुत्वीय भिंग असे म्हणतात. १९७९ मध्ये सापडलेला जुळा क्वेसार हे गुरुत्वीय भिंगाचे निरीक्षणातून मिळालेले पहिले उदाहरण होय. दोन्ही प्रतिमांचा प्रकाश वेगवेगळ्या मार्गांनी येतो आणि त्यांपैकी एक दुसरीपेक्षा सुमारे ४१७ दिवस मागे असते. काळातील हे अंतर नेमके किती, हा प्रश्न जवळजवळ सतरा वर्षे वादाचा राहिला. विश्वाच्या प्रसरणाचा वेग मोजण्याची एक स्वतंत्र पद्धत या अंतरावर अवलंबून असल्याने त्या वादाला विशेष महत्त्व होते.

नाव आणि स्थान

क्वेसारच्या नावातील अंक त्याचे आकाशातील स्थान सांगतात. १९५० च्या निर्देशांक पद्धतीनुसार त्याचे विषुवांश ९ तास ५७ मिनिटे आणि क्रांती उत्तर ५६.१ अंश आहे. आज प्रचलित असलेल्या २००० च्या पद्धतीत हे स्थान विषुवांश १० तास १ मिनिट आणि क्रांती उत्तर ५५ अंश ५४ कला असे येते. सप्तर्षींपैकी पुलह या ताऱ्याच्या पश्चिमेस साधारण साडेआठ अंशांवर हा क्वेसार आहे. एनजीसी ३०७९ ही सर्पिल दीर्घिका त्याच्यापासून पाव अंशापेक्षाही कमी अंतरावर दिसते. मात्र ही जवळीक केवळ दिशेची आहे. ती दीर्घिका सुमारे ५ कोटी प्रकाशवर्षांवर असून क्वेसार तिच्या कितीतरी पलीकडे आहे.

दोन प्रतिमांना ‘अ’ आणि ‘ब’ अशी नावे आहेत. दोन्हींची दृश्यप्रत १७ च्या आसपास असून त्यांच्यातील कोनीय अंतर सुमारे ६ विकला आहे. एक विकला म्हणजे अंशाचा ३६०० वा भाग. रुपयाचे नाणे पाऊण किलोमीटर अंतरावरून जेवढे दिसेल, साधारण तेवढे हे अंतर भरते.

क्वेसारची ताम्रसृती १.४१ आहे. विश्वाच्या प्रसरणामुळे प्रवासात प्रकाशाची तरंगलांबी वाढते, आणि ताम्रसृती हे त्या वाढीचे माप होय. या क्वेसारच्या प्रकाशाची तरंगलांबी मुळापेक्षा २.४१ पट झालेली आढळते. आज दिसणारा त्याचा प्रकाश सुमारे ९०० कोटी वर्षांपूर्वी निघाला. तेव्हा सूर्य आणि पृथ्वी यांपैकी काहीच अस्तित्वात नव्हते.

सैद्धान्तिक पार्श्वभूमी

क्वेसार हे अतिदूरच्या दीर्घिकांचे अत्यंत तेजस्वी गाभे असतात. गाभ्यातील अतिविशाल कृष्णविवराभोवती वायूची तबकडी फिरत असते. आत ओढला जाणारा हा वायू तापतो आणि प्रचंड ऊर्जा बाहेर टाकतो. संपूर्ण दीर्घिकेपेक्षा अधिक तेज देणारा हा प्रदेश आकाराने इतका लहान असतो की साध्या छायाचित्रात तो ताऱ्यासारखा ठिपका दिसतो. या ठिपक्यांचे खरे अंतर प्रथम १९६३ मध्ये लक्षात आले. त्या वर्षी मार्टेन श्मिट यांनी ३सी २७३ या क्वेसारच्या वर्णपटाचा उलगडा केला. क्वेसारचे तेज दिवसांच्या, महिन्यांच्या आणि वर्षांच्या अवधीत कमीजास्त होत राहते. जुळ्या क्वेसारच्या इतिहासात हा गुणधर्म निर्णायक ठरला.

अल्बर्ट आइन्स्टाइन यांच्या व्यापक सापेक्षता सिद्धान्तानुसार वस्तुमानामुळे त्याच्याभोवतीचे अवकाश आणि काळ वक्र होतात. त्या वक्र अवकाशातून जाणारा प्रकाशकिरण आपली दिशा बदलतो. सूर्याच्या कडेला स्पर्शून येणारा किरण १.७५ विकला वळेल, असे या सिद्धान्ताचे भाकीत होते. २९ मे १९१९ च्या खग्रास सूर्यग्रहणाच्या वेळी आर्थर एडिंग्टन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी घेतलेल्या वेधांतून त्याला पुष्टी मिळाली.

किरण वळत असतील, तर एखाद्या जड वस्तूच्या दोन्ही बाजूंनी आलेले किरण निरीक्षकापाशी एकत्र येऊ शकतात आणि मागील वस्तूच्या अनेक प्रतिमा दिसू शकतात. आइन्स्टाइन यांनी १९३६ मध्ये एका ताऱ्यामुळे दुसऱ्या ताऱ्याच्या बाबतीत असे घडण्याचा विचार मांडला, पण ते प्रत्यक्ष दिसण्याची फारशी आशा नाही, असे त्यांचे मत होते. पुढच्याच वर्षी फ्रिट्झ झ्विकी यांनी तारे सोडून दीर्घिकांचा विचार करावा, असे सुचवले. दीर्घिकांचे वस्तुमान अफाट असल्याने त्यांच्यामुळे निर्माण होणाऱ्या प्रतिमा दुर्बिणीतून वेगळ्या दिसू शकतील, हा त्यांचा तर्क होता. १९६४ मध्ये नॉर्वेचे शूर रेफ्सडाल यांनी आणखी एक पाऊल पुढे टाकले. अशा प्रतिमांच्या प्रकाशाला पोहोचण्यास लागणाऱ्या वेळांतील फरक मोजता आला, तर त्यावरून विश्वाच्या प्रसरणाचा वेग काढता येईल, असे त्यांनी दाखवले. मात्र त्या वेळी गुरुत्वीय भिंगाचे एकही उदाहरण ज्ञात नव्हते.

शोध

इंग्लंडमधील जोड्रेल बँक वेधशाळेच्या रेडिओ सर्वेक्षणात अनेक रेडिओ स्रोत नोंदवले गेले होते. त्यांपैकी कोणते क्वेसार आहेत, हे ठरवण्यासाठी त्यांच्याशी जुळणाऱ्या दृश्य वस्तूंचे वर्णपट घेणे आवश्यक होते. या कामासाठी डेनिस वॉल्श, रॉबर्ट कार्सवेल आणि रे वेमन यांनी मार्च १९७९ मध्ये अमेरिकेतील ॲरिझोना राज्यातल्या किट पीक राष्ट्रीय वेधशाळेची २.१ मीटर व्यासाची दुर्बीण वापरली. एका रेडिओ स्रोताच्या जागी छायाचित्रात दोन निळसर ठिपके शेजारी शेजारी होते. दोहोंपैकी एक क्वेसार आणि दुसरा आपल्याच आकाशगंगेतील तारा असेल, ही सर्वांत सोपी शक्यता होती.

प्रत्यक्षात दोन्ही ठिपके क्वेसार निघाले. दोन्हींच्या वर्णपटांत कार्बनच्या त्याच रेषा त्याच ठिकाणी होत्या आणि दोन्हींची ताम्रसृती एकच भरत होती. इतके एकसारखे दोन स्वतंत्र क्वेसार आकाशात इतक्या जवळ असण्याचा योगायोग दुर्मीळ होता. ३१ मे १९७९ च्या ‘नेचर’ नियतकालिकात संशोधकांनी ही माहिती प्रसिद्ध केली. जुळे क्वेसार की गुरुत्वीय भिंग, असा प्रश्न त्या लेखाच्या शीर्षकातच होता.

दोन वस्तू की एक?

पुढील काही महिन्यांत अनुकूल आणि प्रतिकूल असे दोन्ही प्रकारचे पुरावे पुढे आले. मोठ्या दुर्बिणींतून घेतलेल्या अधिक सूक्ष्म वर्णपटांतही ‘अ’ आणि ‘ब’ यांच्या ताम्रसृतींत फरक आढळला नाही. याउलट न्यू मेक्सिकोतील व्हेरी लार्ज ॲरे या रेडिओ दुर्बिणीने घेतलेल्या चित्रात ‘अ’ प्रतिमेपाशी रेडिओ झोत आणि पसरट भाग दिसले, पण ‘ब’ पाशी त्यांची जोड दिसली नाही. एकाच वस्तूच्या दोन प्रतिमा असतील तर दोन्हींत सारखेच तपशील हवेत, हा आक्षेप रास्त होता.

त्याचे उत्तर भिंगाच्या भूमितीत मिळाले. गुरुत्वीय भिंगामागील प्रत्येक बिंदूच्या दोन प्रतिमा दिसतातच असे नाही. भिंगाच्या अक्षाजवळचा जो मर्यादित प्रदेश आहे, त्यातील बिंदूंच्याच अनेक प्रतिमा पडतात. क्वेसारचा गाभा त्या प्रदेशात येतो, तर दूरवर पसरलेला रेडिओ झोत त्याच्या बाहेर राहतो. म्हणून गाभा दोनदा आणि झोत एकदाच दिसतो. पुढे हजारो किलोमीटर अंतरांवरील रेडिओ दुर्बिणी एकत्र जोडून गाभ्याची अतिसूक्ष्म चित्रे मिळवण्यात आली. त्यांत ‘अ’ आणि ‘ब’ या दोन्हींत गाभ्यालगतचा छोटा झोत आढळला. शिवाय एका प्रतिमेतील रचना दुसरीच्या तुलनेत आरशातील प्रतिबिंबासारखी उलटलेली होती, आणि भिंगाच्या सिद्धान्तानुसार अशीच रचना अपेक्षित होती.

भिंग ठरणारी दीर्घिका

१९८० मध्ये प्रत्यक्ष भिंगही सापडले. पालोमार वेधशाळेतील पीटर यंग, जेम्स गन आणि सहकाऱ्यांनी, तसेच हवाई बेटांवरील वेधशाळेतून ॲलन स्टॉकटन यांनी ‘ब’ प्रतिमेला जवळजवळ चिकटून असलेली एक अंधूक दीर्घिका शोधली. ही महाकाय लंबवर्तुळाकार दीर्घिका ‘ब’ पासून केवळ सुमारे १ विकला आणि ‘अ’ पासून सुमारे ५ विकला अंतरावर आहे. तिची ताम्रसृती ०.३६ आहे. क्वेसारचा प्रकाश तिच्याजवळून सुमारे ४०० कोटी वर्षांपूर्वी गेला, तेव्हा पृथ्वी घडून फार काळ लोटला नव्हता.

ही दीर्घिका एकटी नसून एका दीर्घिकासमूहाचा भाग आहे. प्रकाश वाकवण्यात तिच्याबरोबर संपूर्ण समूहाचे वस्तुमानही सहभागी होते. दोन प्रतिमांमधील ६ विकलांचे अंतर एकट्या दीर्घिकेच्या मानाने मोठे आहे, त्याचे हेच कारण होय.

गुरुत्वीय भिंग आणि काचेचे भिंग यांत एक महत्त्वाचा फरक आहे. सामान्य बहिर्गोल भिंग कडेचे किरण अधिक वळवते आणि सर्व किरण एका बिंदूत आणते. गुरुत्वीय भिंगाचे बहुतेक वस्तुमान मध्याशी एकवटलेले असल्याने त्याला असा एकच केंद्रबिंदू नसतो. पाण्याच्या पेल्याच्या जाड, ओबडधोबड तळातून दिव्याकडे पाहिले असता ज्योत फाकून तिच्या अनेक आकृती दिसतात. गुरुत्वीय भिंगाचे कार्य या दृश्याशी अधिक मिळतेजुळते आहे.

दोन प्रतिमांमधील काळाचे अंतर

दोन प्रतिमांच्या प्रकाशाला पृथ्वीवर पोहोचण्यास लागणारा वेळ दोन कारणांनी वेगळा असतो. पहिले कारण भौमितिक आहे. दोन्ही मार्ग वेगवेगळ्या प्रकारे वळलेले असल्याने त्यांची लांबी समान असेलच असे नाही. दुसरे कारण गुरुत्वीय आहे. व्यापक सापेक्षता सिद्धान्तानुसार जड वस्तूजवळ काळ दूरच्या निरीक्षकाच्या तुलनेत संथ चालतो, त्यामुळे तेथून जाणाऱ्या प्रकाशाला पोहोचण्यास उशीर होतो. ‘ब’ चा प्रकाश दीर्घिकेच्या केंद्राच्या फार जवळून, म्हणजे अधिक तीव्र गुरुत्वाच्या प्रदेशातून येतो. दोन्ही कारणांचा एकत्रित हिशेब केला असता ‘अ’ चा प्रकाश आधी आणि ‘ब’ चा नंतर पोहोचतो.

म्हणून ‘अ’ मध्ये आज दिसलेला तेजाचा चढउतार ‘ब’ मध्ये सुमारे ४१७ दिवसांनी दिसतो. ९०० कोटी वर्षांच्या प्रवासात हा फरक साधारण ८०० कोटींत एक भाग एवढाच आहे. विश्वाच्या प्रसरणामुळे दूरच्या घटनाही पृथ्वीवरून संथ गतीने घडताना दिसतात. या क्वेसारवर शंभर दिवसांत होणारा बदल येथे २४१ दिवसांत घडताना आढळतो. त्या प्रमाणात ४१७ दिवसांचे अंतर क्वेसारच्या स्वतःच्या कालमानाने सुमारे १७३ दिवसांचे ठरते. म्हणजेच दुर्बिणीतून एका वेळी पाहिल्यावर ‘ब’ मध्ये दिसणारा क्वेसार ‘अ’ मध्ये दिसणाऱ्या क्वेसारपेक्षा सुमारे १७३ दिवसांनी लहान असतो.

४१७ की ५३६ दिवस?

काळाचे अंतर मोजण्यासाठी दोन्ही प्रतिमांच्या तेजाची वर्षानुवर्षे नोंद ठेवावी लागते. त्यानंतर ‘ब’ चा आलेख किती दिवस मागे सरकवला असता तो ‘अ’ च्या आलेखाशी जुळतो, हे पाहावे लागते. रूडॉल्फ शिल्ड यांनी शोधानंतर लगेचच अशी नोंद सुरू केली आणि १९८० च्या दशकात हे अंतर १.१ वर्षाच्या आसपास असल्याचे सांगितले. फ्रान्समधील व्हँडेरीस्ट आणि सहकाऱ्यांनी १९८९ मध्ये ४१५ दिवस हे मूल्य काढले. परंतु विल्यम प्रेस, जॉर्ज रायबिकी आणि जॅकलिन ह्युइट यांनी १९९२ मध्ये उपलब्ध नोंदींचे नव्या सांख्यिकी पद्धतीने विश्लेषण केले, तेव्हा उत्तर ५३६ दिवस आले.

या मतभेदामागे एक व्यावहारिक अडचण होती. दरवर्षी काही महिने सूर्य आकाशाच्या त्या भागाजवळ असल्याने वेधांत खंड पडतो. अंतर दीड वर्षाच्या जवळपास असल्याचे गृहीत धरून आलेख सरकवला, की एका प्रतिमेच्या नोंदी बव्हंशी दुसऱ्या प्रतिमेच्या खंडात जाऊन पडतात आणि दोन्हींची थेट तुलना फारच थोड्या दिवसांपुरती उरते. त्यातच त्या वर्षांत क्वेसारच्या तेजात एकही ठळक, निःसंदिग्ध बदल झालेला नव्हता.

असा बदल डिसेंबर १९९४ मध्ये आढळला. न्यू मेक्सिकोतील अपाची पॉइंट वेधशाळेच्या ३.५ मीटर दुर्बिणीतून वेध घेताना टोमिस्लाव्ह कुंडिच, एडविन टर्नर आणि सहकाऱ्यांना ‘अ’ चे तेज एकाएकी उतरल्याचे दिसले. त्यांनी ही घटना १९९५ मध्येच प्रसिद्ध केली आणि तिच्यासोबत भाकीतही मांडले. ४१७ दिवसांच्या जवळचे मूल्य बरोबर असेल, तर ‘ब’ मध्ये तसाच उतार फेब्रुवारी १९९६ मध्ये दिसावा. ५३६ दिवस बरोबर असतील, तर जून १९९६ पर्यंत वाट पाहावी लागेल.

फेब्रुवारी १९९६ मध्ये ‘ब’ चे तेज अपेक्षेप्रमाणे उतरले आणि वाद मिटला. १९९७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अंतिम विश्लेषणात हे अंतर ४१७ दिवस आणि त्यातील अनिश्चितता ३ दिवस देण्यात आली. एकाच वस्तूच्या दोन प्रतिमा आहेत, या निष्कर्षालाही या घटनेने भक्कम आधार दिला. दोन स्वतंत्र क्वेसारांपैकी एकाने दुसऱ्याचे अनुकरण ठरावीक दिवसांनी करावे, याला अन्य कारण संभवत नव्हते.

हबल स्थिरांकाशी संबंध

विश्व किती वेगाने प्रसरण पावते, हे हबल स्थिरांकाने सांगितले जाते. त्याचे एकक किलोमीटर प्रति सेकंद प्रति मेगापार्सेक असे असून एक मेगापार्सेक म्हणजे सुमारे ३२.६ लाख प्रकाशवर्षे. आकाशातील प्रतिमांवरून फक्त कोन मिळतात. प्रत्यक्ष अंतरे मिळत नाहीत. काळाच्या अंतराला प्रकाशाच्या वेगाने गुणले असता मात्र खरी लांबी हाती येते, आणि तिच्यावरून संपूर्ण रचनेचे माप निश्चित करता येते. दृश्य रचना तीच असताना काळाचे अंतर जितके मोठे, तितका हबल स्थिरांक लहान येतो. त्यामुळे ४१७ ऐवजी ५३६ दिवस स्वीकारले असते, तर स्थिरांक एक पंचमांशाहून अधिक घटला असता आणि त्यावरून काढलेले विश्वाचे वय त्या प्रमाणात वाढले असते.

कुंडिच आणि सहकाऱ्यांनी जुळ्या क्वेसारवरून हबल स्थिरांकाचे मूल्य ६४ काढले आणि अनिश्चितता १३ दिली. काळाचे अंतर एक टक्क्याहून अधिक अचूक असूनही ही अनिश्चितता मोठी राहिली, कारण भिंगातील वस्तुमानाची विभागणी पुरेशी ज्ञात नव्हती. प्रतिमांच्या स्थानांत कोणताही बदल न करता दीर्घिकेचे वस्तुमान थोडे कमी आणि समूहाचे तेवढे अधिक मानता येते. परंतु त्यामुळे स्थिरांकाचे मूल्य बदलते.

पुढे अधिक सुटसुटीत रचनेच्या भिंगांवर ही पद्धत वापरण्यात आली. सहा क्वेसारांच्या अभ्यासातून होलीकाऊ या प्रकल्पाने सुमारे ७३ हे मूल्य मिळवले. विश्वाच्या आरंभकाळातील सूक्ष्मतरंग प्रारणावरून प्लँक उपग्रहाच्या निरीक्षणांनी दिलेले मूल्य सुमारे ६७ आहे. ही तफावत आधुनिक विश्वरचनाशास्त्रातील प्रमुख अनुत्तरित प्रश्नांपैकी एक आहे.

न दिसणारी तिसरी प्रतिमा

भिंगातील वस्तुमान मध्याशी सलगपणे पसरलेले असेल, तर प्रतिमांची संख्या विषम असावी, असे गणिताने सिद्ध होते. त्यानुसार जुळ्या क्वेसारची तिसरी प्रतिमा दीर्घिकेच्या केंद्राजवळ असायला हवी. ती इतकी मंद असते की दीर्घिकेच्या स्वतःच्या तेजात लोपून जाते. गुरुत्वीय भिंगांतील अशा हरवलेल्या प्रतिमेच्या प्रश्नावर मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेतील डी. नरसिंह, के. सुब्रमण्यन आणि शशिकुमार चित्रे यांनी १९८६ मध्ये ‘नेचर’ मध्ये लेख लिहिला. दीर्घिकेच्या केंद्राशी अतिशय घन वस्तुमान असेल, तर मधली प्रतिमा अतिशय क्षीण होईल, असे स्पष्टीकरण त्यांनी सुचवले.

सूक्ष्मभिंग परिणाम

‘ब’ चा प्रकाश भिंग दीर्घिकेच्या ताऱ्यांमधून येतो. एखादा तारा नेमका प्रकाशमार्गाजवळ आला, तर तोही छोट्या भिंगाप्रमाणे कार्य करून एकाच प्रतिमेचे तेज बदलू शकतो. याला सूक्ष्मभिंग परिणाम म्हणतात. असा बदल ४१७ दिवसांनी दुसऱ्या प्रतिमेत दिसत नाही, यावरून तो क्वेसारच्या मूळ चढउतारापासून वेगळा ओळखता येतो. १९९६ मध्ये शिल्ड यांनी काही जलद चढउतार ग्रहांएवढ्या वस्तुमानाच्या भटक्या पिंडांमुळे होत असल्याचे मत मांडले, पण त्याची स्वतंत्र निरीक्षणांतून खात्री झालेली नाही.

नंतरचे शोध

जुळ्या क्वेसारनंतर अनेक गुरुत्वीय भिंगे सापडली. १९८५ मध्ये आढळलेल्या ‘आइन्स्टाइन क्रॉस’ मध्ये एकाच क्वेसारच्या चार प्रतिमा आहेत. एसडीएसएस जे१००४+४११२ या क्वेसारच्या प्रतिमांत काळाचे अंतर साडेसहा वर्षांहून अधिक भरते. २०१४ मध्ये एका दीर्घिकासमूहामागे अनेक प्रतिमांत दिसलेल्या अतिनवताऱ्याला रेफ्सडाल यांचे नाव देण्यात आले. त्याची आणखी एक प्रतिमा दिसेल असे भाकीत होते आणि ती डिसेंबर २०१५ मध्ये दिसली.

निरीक्षण

जुळा क्वेसार नुसत्या डोळ्यांनी किंवा लहान दुर्बिणीतून दिसत नाही. अंधाऱ्या आकाशाखाली मोठ्या व्यासाच्या हौशी दुर्बिणीतून तो अंधूक ठिपक्यासारखा दिसू शकतो. दोन्ही प्रतिमा वेगळ्या दिसण्यासाठी वातावरण अतिशय स्थिर असावे लागते. महाराष्ट्रातून मार्च-एप्रिल महिन्यांत रात्री नऊच्या सुमारास हा भाग उत्तर आकाशात क्षितिजापासून पन्नास अंशांहून अधिक उंचीवर असतो. पुलह ताऱ्यापासून पश्चिमेकडे सरकत प्रथम एनजीसी ३०७९ ही दीर्घिका शोधावी. तिच्या उत्तर-वायव्येस पाव अंशाच्या आत क्वेसारचे स्थान आहे.